काकांचं पहिलं मत

नेदरलँड्समधल्या न्यूनेन गावातल्या ज्या घराच्या माळ्यावर मी अडीच वर्षं भाड्यानं राहिले, त्या घराच्या मालकांनी पहिल्या संध्याकाळी मला खोली दाखवायच्या आधी जेवणाच्या टेबलावर चार बरण्या मांडून दाखवल्या. मसूर, तूर, सालाचे मूग आणि उडीद. मी पुण्याहून नुकतीच आलेली, आइंडहोव्हनला नवी नोकरी, दोन्ही बॅगा अजून जिन्याखालीच. मला वाटलं, कुठल्या बरणीला हात लावायचा नाही ते सांगतायत.

"मसूर कोण?" काकांनी विचारलं.

"मसूर म्हणजे... मसूरच ना काका?"

"लाल! कामगारांचा पक्ष. तूर कोण? पिवळे. छोटा पक्ष, धंदेवाल्यांचा. कुणाबरोबरही शिजायला तयार आणि आच वाढली की पहिला तळाला लागणार. मूग म्हणजे हिरवे, झाडंवाले. आणि उडीद हे काळे. सगळ्यांत जड. पचायला वेळ लागतो, पण जर्मन माणसाचं पोट वर्षानुवर्षं त्यांच्यावरच भरलंय."

मग त्यांनी चमच्याचमच्यानं डाळी ओतून टेबलावर अर्धवर्तुळ केलं. ती जर्मनीची संसद. कोण कुठं बसतं, कोण कुणाकडे बघत नाही, कोणाच्या किती जागा घटल्या, हे सगळं सांगून होईपर्यंत मी उभीच होते. शेवटी काकू चहा घेऊन बाहेर आल्या.

"अहो, त्या पोरीला बसू तरी द्या. आणि आता ती डाळ निवडणार कोण?"

निवडत कोणीच नसे. त्या घरात अडीच वर्षांत मी एकदाही निव्वळ तुरीचं वरण खाल्लं नाही. संसद उठली की सगळी डाळ एकाच डब्यात जायची आणि काकू तिची लसूण घालून झक्कास आमटी करायच्या. तिचं नाव युतीची आमटी. मसूर, तूर आणि मूग एकत्र आले की काकू स्वयंपाकघरातून ओरडायच्या, "आज सिग्नल शिजतोय!" कारण तेव्हा जर्मनीत लाल, पिवळे आणि हिरवे यांचं तिरंगी सरकार होतं आणि लोक त्याला सिग्नलच म्हणत.

कडव्या उजव्या निळ्या पक्षासाठी मात्र डाळ नव्हती. "निळी डाळ देवानं केलीच नाही," काका म्हणायचे. त्यासाठी ते भांडी धुवायच्या मशीनच्या निळ्या गोळ्या वापरत. अर्धवर्तुळाच्या अगदी उजव्या टोकाला. मी राहायला आले तेव्हा तिथं थोड्याच गोळ्या असत, पुढे पुढे इतक्या व्हायला लागल्या की काकूंनी गोळ्यांचं खोकं कपाटात वर ठेवलं. त्या टोकापाशी आले की काकांचा विनोद आटायचा. ते गोळी ठेवायचे, बोट झटकायचे आणि पुढे जायचे.

काका वयाच्या विसाव्या वर्षी पुण्याहून जर्मनीला टूलमेकरचं काम शिकायला गेले आणि जवळजवळ पन्नास वर्षं तिथंच राहिले. आपण गेलो तेव्हा तिथं तीनच रंग होते, हे ते अशा सुरात सांगत, जणू आपलं बालपण तीनच खोल्यांच्या घरात गेलं. काळे किंवा लाल राज्य करायचे, आणि पिवळे दाराशी उभे राहून आज कुणाच्या घरी जेवायला जायचं ते ठरवायचे. मग हिरवे आले, संसदेत कुंड्या घेऊन. विणकाम करत बसायचे म्हणे. काका कारखान्यातून सुटले की टीव्हीवर ते विणकाम बघायचे. मग भिंत पडली, राजधानी हलली, पलीकडचे लोक आणि त्यांचे पक्ष आले. मग बाई चॅन्सेलर, म्हणजे तिकडच्या पंतप्रधान, झाल्या. काका त्यांना नुसतं 'बाई' म्हणत. सोळा वर्षं बाईंनी राज्य केलं, आणि त्या गेल्या त्या संध्याकाळी काका जेवले नाहीत.

"त्यांचा पक्ष आवडायचा का तुम्हाला?" मी एकदा विचारलं.

"छे! मतभेद होते आमचे. फार."

या मतभेदांची बाईंना कल्पना असण्याचं कारण नव्हतं, कारण काकांनी आयुष्यात कधी मतच दिलं नव्हतं. कुठल्याच देशात नाही. ते पुणं सोडून गेले तेव्हा भारतात मताला एकवीस वर्षं पूर्ण लागत. तिकडे पासपोर्ट भारतीय, म्हणून मत नाही. नागरिकत्व का घेतलं नाही, तर 'पुढच्या वर्षी परतच जायचंय' हे ते पन्नास वर्षं म्हणत होते. अखेर निवृत्तीनंतर परीक्षा देऊन जर्मन झाले. तेहतीस प्रश्नांतला एक चुकला. तो चुकला नव्हता, वादग्रस्त होता, हे मी निदान बारा वेळा ऐकलंय. आणि जर्मन झाल्यावर सहा महिन्यांत, लेक आइंडहोव्हनला असते म्हणून, दोघं न्यूनेनला येऊन राहिले. काकूंनी भारतीय पासपोर्ट सोडला नाही. त्या म्हणायच्या, "एका घरात एक चॅन्सेलर पुरे."

नेदरलँड्सचं राजकारण काकांना राजकारणच वाटत नसे. "पंधरा-पंधरा पक्ष! ही संसद आहे का भेळ?" इथं राहून ते जर्मनीला 'तिकडे' म्हणत. पुण्यालाही 'तिकडे'. नाक्यावरच्या सुपरमार्केटलासुद्धा 'तिकडे मिळत नाही चांगली कोथिंबीर'. 'आमच्याकडे' हा शब्द त्यांच्या तोंडी मी कधी ऐकला नव्हता. काकू मला म्हणाल्या, "यांचं इकडे म्हणजे फक्त ती खुर्ची."

एक गोष्ट मात्र मला लागायची. पुण्यात कुठलीही निवडणूक झाली, की भावंडांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर शाई लावलेल्या बोटांचे फोटो यायचे. धाकटा भाऊ, दोन बहिणी, भाचरं, सगळ्यांची डावी तर्जनी वर. काका एकेक फोटो मोठा करून बघायचे. मग अंगठा पाठवायचे. त्या दिवशी टेबलावर डाळ सांडत नसे.

आता त्यांच्या भाडेकराराबद्दल सांगायला हवं. भाडेकरार म्हणणं त्यांना मान्य नव्हतं. तो 'युतीचा करारनामा' होता, सत्तावीस पानांचा, प्रस्तावनेसकट. 'घरमालक पक्ष आणि माळा पक्ष हे परस्परविश्वासाच्या पायावर' अशी सुरुवात. अंघोळीच्या वेळा, सायकल कुठं लावायची, मासे तळताना कुठली खिडकी उघडायची, दर तिमाहीला समन्वय समितीची बैठक. हेमेंतेमध्ये, म्हणजे इथल्या नगरपालिकेत, पत्ता नोंदवायला मला कागद तातडीनं हवा होता. मी ऑफिसात सॉफ्टवेअरच्या अटींना जशी संमती देते तशी शेवटच्या पानावर सही ठोकली. एक अक्षर वाचलं नाही.

त्यातल्या अंघोळीच्या वेळेवरून आमचं पुढे वाजलंच. सकाळी सात ते सव्वासात म्हणजे काय! समन्वय समितीत मी ठणकावून सांगितलं, की माझा घरमालकावर विश्वास उरलेला नाही.

काकांचा चेहरा असा उजळला, जणू त्यांना लॉटरीच लागली. "मांड ठराव! पण लक्षात ठेव, तिकडच्या घटनेत नुसतं 'हा नको' म्हणता येत नाही. आधीचा चॅन्सेलर घालवायचा तर त्याच ठरावात नवा निवडून दाखवावा लागतो. तेव्हा सांग, पर्यायी घरमालक कोण?"

"काकू," मी म्हणाले.

काकूंनी चष्म्यावरून बघितलं. "मी नाही बाई पडणार त्यात. बॉयलरची कटकट कोण बघणार?"

ठराव पडला. सात ते सव्वासात कायम झालं. पण हरल्याबद्दल काकांनी मला स्वतः आम्रखंड आणून दिलं.

मग एका नोव्हेंबरात सिग्नलचं सरकार मोडलं. काका मोज्यांवर माळ्यावर धावत आले, दार वाजवलं आणि ओरडले, "तूर लागली तळाला!" निवडणूक पुढच्या सप्टेंबरात व्हायची होती, ती फेब्रुवारीवर आली. आणि काकांच्या आयुष्यातलं पहिलं मत एकदम दारात येऊन उभं राहिलं.

देशाबाहेरच्या जर्मनांना टपालानं मत देता येतं. त्यासाठी आपल्या शेवटच्या जर्मन गावाच्या नगरपालिकेत अर्ज करून यादीत नाव घालावं लागतं. काकांनी तो अर्ज पहिल्याच दिवशी भरला, तीन प्रती काढल्या आणि एक देवघरात ठेवली. पण निवडणूकच इतकी अलीकडे ओढली होती, की मतपत्रिका छापून, पाकिटात घालून परदेशी पाठवायला कोणाकडे वेळच नव्हता. जानेवारी गेला. फेब्रुवारीचा पहिला आठवडा गेला, दुसरा गेला. काका सकाळी अकराला टाय लावून दाराच्या टपालाच्या फटीसमोर खुर्ची टाकून बसायला लागले. पोस्टमन बाई सायकलवरून लांबूनच मान हलवायची. मला ऑफिसमध्ये कामच सुचेना. दर तासाला काकूंना मेसेज. "आलं?" "नाही गं. दोन पोळ्या खाल्ल्या फक्त."

शनिवारी दुपारी आलं. मतदान रविवारी. भरलेलं पाकीट रविवारी संध्याकाळी सहाच्या आत तिकडच्या टाउनहॉलमध्ये पोचलं नाही, तर ते मत मोजत नाहीत. आता टपालानं पाठवणं म्हणजे फुकटच. काकांच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतं झालेलं, त्यांना हायवेवर गाडी चालवायला मनाई. लेक कामासाठी परगावी.

"मी नेते," मी म्हणाले. "दीड-दोन तासांचा तर रस्ता."

काकांनी माझा हात दोन्ही हातांत धरला. माझ्या डोळ्यांत पाणी आलं, आणि काकूंनी ताबडतोब डब्यासाठी बटाटे उकडायला लावले.

रात्रभर मतपत्रिका, लहान पाकीट, मोठं फिकट लाल पाकीट, सगळं देवासमोर होतं. रविवारी सकाळी काकू पुऱ्या लाटत होत्या, म्हणून मला म्हणाल्या, "अगं, तेवढं हळदकुंकू वाहा ना देवाला." मी वाहिलं. आणि आमच्या घरची सवय अशी, की नवी स्कूटर असो, दहावीचं हॉल तिकीट असो, माझ्या व्हिसाचा अर्ज असो, कुंकू लावल्याशिवाय काहीही उंबऱ्याबाहेर पडत नाही. मी भिजवलेल्या कुंकवात करंगळी बुडवली आणि लाल पाकिटाच्या मागच्या बाजूला, कोपऱ्यात, एक सुबक स्वस्तिक काढलं. चार ठिपक्यांसकट. मला स्वतःलाच ते फार आवडलं.

निघायला दोन वाजले, कारण काकांना आणखी एक वर्तमानपत्र वाचायचं होतं. नागरिकत्वाच्या शपथेच्या वेळचा सूट त्यांनी घातला होता. सरहद्द ओलांडल्यावर, वेगमर्यादा नसलेला मोकळा हायवे बघून मी गाडी जरा दाबली, तर लगेच, "एकशेतीसच्या वर नको. वेगमर्यादेचा प्रश्न तिकडच्या एकाही सरकारला सुटलेला नाही, तू तो आज गाडीत सोडवू नकोस."

"कुणाला देणार आहात काका?"

"ते ठरतंय."

"अजून?"

पन्नास वर्षं सगळ्यांची कुंडली तोंडपाठ असलेल्या माणसाचं ठरत नव्हतं! एकाचं शाळांचं धोरण चांगलं पण पैसा कुठून आणणार, दुसऱ्याचा माणूस चांगला पण पक्ष नाही, तिसऱ्यांच्या आजोबांनी त्या काळी काय केलं ते काका विसरायला तयार नाहीत. शेवटी एका थांब्यावर त्यांनी गाडी उभी करायला लावली आणि मला बाहेर काढलं.

"मत गुप्त असतं. गाडी आता मतदान कक्ष आहे."

मी फेब्रुवारीच्या वाऱ्यात, गाडीकडे पाठ करून, टॉयलेटच्या पाटीकडे बघत तासभर उभी होते. मधूनच काच खाली व्हायची. "पहिलं मत उमेदवाराला असतं, दुसरं पक्षाला. खरं वजन दुसऱ्याला, माहितीये ना?" "माहितीये काका, थंडी वाजतेय!" काच वर. एकदा तर त्यांनी पुरी बाहेर दिली. शेवटी हॉर्न वाजला. मी आत बसले तेव्हा ते घामेजलेले होते आणि पाकीट चिकटवून मांडीवर ठेवलेलं, पत्ता वर.

गावात शिरलो तेव्हा पाच वाजून गेले होते, गाडी लावून होईपर्यंत साडेपाच. काकांनी टाय नीट केला, पाकीट उचललं, गाडीतून उतरताना सहज उलटं केलं.

आणि तसेच परत सीटवर बसले.

"हे कोणी काढलं?"

"मी," मी कौतुकाच्या अपेक्षेनं म्हणाले.

"कलम अकरा," काका म्हणाले. त्यांचा आवाज इतका बारीक मी कधी ऐकला नव्हता. "वाचलं नव्हतंस?"

करारनाम्यातलं कलम अकरा मी त्या क्षणी, गाडीत, त्यांच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलं: घराच्या दारावर, रांगोळीत, पत्रांवर, बाहेरच्या माणसाला दिसेल अशा कुठल्याही जागी स्वस्तिक काढू नये. मग मला कळलं. तिकडे ते चिन्ह आपलं राहिलेलं नाही. तिकडे त्याच्या नावाखाली माणसं मारली गेली, आणि ते चारचौघांत दाखवणं गुन्हा आहे. आणि मी ते जर्मन मतदानाच्या पाकिटावर काढलं होतं. चिकटवलेल्या, सही केलेल्या, आयुष्यातल्या एकुलत्या एका पाकिटावर.

"काका, मी... मला डोकंच नाही."

"डोकं मलाही नव्हतं," ते म्हणाले. "पहिल्या दिवाळीला मी खोलीच्या दारावर काढलं होतं. घरमालकीण म्हातारी होती. बघितलं आणि जिन्यातच बसली. ओरडली नाही, नुसती रडायला लागली. तिचा नवरा त्या चिन्हवाल्यांनी नेला होता. मी अंगातल्या शर्टानं दार पुसलं." त्यांनी पाकीट मांडीवर ठेवलं. "तेव्हापासून मला इथं मत द्यायचं होतं. ते परत येऊ नयेत म्हणून तरी."

मी रडायलाच लागले. त्यांनी घड्याळ बघितलं.

"रडणं सहानंतर. पाणी दे."

उजव्या हातात पाकीट धरून त्यांनी डावी तर्जनी बाटलीत बुडवली आणि घासायला लागले. काकूंचं कुंकू पक्कं. ते गेलं नाही, पसरलं. रेषा विरल्या, ठिपके विरले, आणि शेवटी उरला एक ओबडधोबड तांबडा डाग. पण स्वस्तिक राहिलं नव्हतं.

आत टेबलामागे एक बाई बसल्या होत्या, साठीच्या, केस बारीक कापलेले. मला जर्मन येत नाही. काय बोलणं झालं ते काकांनी नंतर शब्दन् शब्द सांगितलं. त्यांनी पाकीट दिलं. बाईंनी ते उलटं केलं आणि विचारलं, हे काय आहे? सांडलं म्हणून सांगता आलं असतं. पण काकांनी सगळं खरं सांगितलं. देवघर, माझं पुणं, हॉल तिकीट, जिन्यात बसलेली म्हातारी, आणि हे आपलं पहिलं मत आहे हेही. मी बाजूला भिंतीला टेकून उभी. भिंतीवरच्या घड्याळाचा काटा पावणेसहाच्या पुढे सरकत होता आणि आमचे चॅन्सेलर दिवाळीचं वर्णन करत होते.

बाईंनी ऐकून घेतलं. डागाकडे बराच वेळ बघितलं. मग त्या म्हणाल्या, "बाहेरच्या पाकिटावरच्या डागाबद्दल नियमात काही लिहिलेलं नाही." शिक्का मारला, वेळ लिहिली आणि पाकीट पेटीत टाकलं.

बाहेर पडेपर्यंत काका गंभीर होते. पायऱ्यांवर आल्यावर त्यांनी मला खांद्याला धरून गदागदा हलवलं. "नियम वाचलेली बाई आहे! पोरी, नियम वाचलेली बाई!" सूट घातलेला सत्तरीचा माणूस त्या पायऱ्या दोन-दोन करत उड्या मारत उतरला. मोतीबिंदूचा डोळा, मी आपली मागून "काका, सावकाश!" करत.

सहाला मागच्या दारातून कोणाच्या तरी फोनवर निकालाच्या पहिल्या अंदाजाचे रंगीत खांब दिसत होते. पन्नास वर्षं हा माणूस त्या क्षणासाठी निवडणुकीच्या दिवशी टाय लावून टीव्हीसमोर बसला होता. मी म्हटलं, "बघायचं नाही?"

"बघतील लोक. पुरी उरलीये का?"

गाडीत बसून आम्ही बटाट्याची भाजी आणि पुऱ्या खाल्ल्या. काकूंचा फोन आला. "पोचलं का?" "पोचलं." "कुणाला दिलंत?" "ते गुप्त असतं." काकू म्हणाल्या, "पन्नास वर्षांत पहिल्यांदा गप्प बसलात, सरकारचे आभार माना," आणि मग फोनवरच दोघंही हसत सुटले.

फोन ठेवताना त्यांचं स्वतःच्या हाताकडे लक्ष गेलं. डावी तर्जनी, नखापासून पहिल्या पेरापर्यंत तांबडी. बराच वेळ ते तिच्याकडे बघत राहिले. मग ताठ बसले, बोट वर केलं आणि फोन माझ्या हातात दिला.

"काढ फोटो. टाउनहॉल मागे येऊ दे."

ग्रुपवर फोटो गेला. पुण्यात तेव्हा झोपायची वेळ झालेली, तरी धाकट्या भावाचं उत्तर लगेच आलं. "दादा, अरे वा! पण शाई लाल कशी?"

काकांनी लिहिलं, खोडलं, परत लिहिलं. शुद्धलेखन बघायला म्हणून फोन माझ्यापुढे धरला. त्यात एकच ओळ होती.

"आमच्याकडे लालच लावतात."